मामाची उजव्या कोपऱ्यातली गाठ

माझा मामा आयुष्यात एकदाच पडद्यावर आला, तोही पाठमोरा, आणि जेमतेम अकरा सेकंद. त्या अकरा सेकंदांसाठी मी जुन्या चित्रफितींच्या संग्रहालयात चार महिने खेटे घातले. तिथल्या बाई शेवटी म्हणाल्या, "फारच चिवट आहात हो तुम्ही!" म्हटलं, आहेच.

मामा फुटबॉल क्लबात जाळीवाला होता. सामन्याआधी दोन्ही गोलांच्या जाळ्या खांबांना बांधायच्या आणि प्रत्येक गाठ दोनदा ओढून बघायची, हे त्याचं काम. एकतीस वर्षांपूर्वी अंतिम सामन्यात चेंडू उजव्या खांबाच्या बाहेरून गेला, जाळीच्या सुटलेल्या खालच्या कोपऱ्यातून आत शिरला आणि पंचांनी बेधडक गोल दिला. आमचा क्लब हरला. खापर फुटलं मामाच्या डोक्यावर. दुसऱ्याच दिवशी नोकरी गेली, आणि पुढे तो गादीच्या कारखान्यात खोळी शिवत बसला.

बरं, भांडला असता तर! पण त्याला स्वतःलाच आठवेना. त्या कोपऱ्याशी असताना कोणीतरी हाक मारली होती, एवढंच डोक्यात. मग गाठ मारली, की तशीच सोडून गेलो? या एका प्रश्नानं माणूस आतून पोखरला. मामी मात्र ठाम. "ह्यांनी गाठ मारली होती. बास!" शेजारीण असो की व्याही, विषय निघाला की ही कंबर कसून उभी.

त्या दुपारी दोघांना मी संग्रहालयाच्या खोलीत नेऊन बसवलं. मामा इस्त्रीचा शर्ट घालून आला होता आणि सारखा घाम पुसत होता. पडद्यावर त्याच अंतिम सामन्याआधी दोन कप्तान हात मिळवत होते. त्यांच्या मागे, गोलाच्या उजव्या खांबाशी, एक सडपातळ माणूस वाकला होता. मध्येच त्यानं मान वळवली, हात वर करून कोणाला तरी थांबवलं, गाठ मारली, दोनदा ओढली आणि मगच गेला. थोड्या वेळानं तिथेच एक छायाचित्रकार आडवा पडला. कॅमेरा आत घालायला त्यानं ती गाठ सोडली, फोटो काढले आणि खुशाल उठून चालता झाला!

"अरे मेल्या!" मी ओरडलेच. बाई दचकल्या.

मामाला त्या माणसाशी काही देणंघेणं नव्हतं. "माझं परत दाखवा," तो म्हणाला. बाईंनी पाच वेळा दाखवलं. पाचव्या वेळी मामा हसत होता आणि डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहत होतं. मलाही राहवलं नाही.

"तू सांगत होतीस," तो मामीला म्हणाला. "एकतीस वर्षं सांगत होतीस. माझीच खात्री नव्हती गं."

मामीनं चष्मा काढला, पुसला, परत घातला.

"खात्री मला तरी कुठे होती?"