वलीचं सोंग

रत्नागिरीचा वली परकार १९६४ साली शारजात एका व्यापाऱ्याच्या वखारीत कामाला होता. दर शुक्रवारी तो स्वतः लिहिलेली छोटी प्रहसनं सोबत्यांना करून दाखवायचा, आणि त्यासाठी सगळ्यांचं बोलणं कान देऊन ऐकायचा. शेठनं अचानक दोघांना काढून टाकलं, तेव्हा संशय वलीवरच आला.

"शेठच्या कानाला तूच लागतोस," खोलीतला हारुन म्हणाला.

"हारुनभाई, मी फक्त नकलांसाठी ऐकतो!"

संशय हसण्यावारी जावा म्हणून पुढच्या शुक्रवारी वलीनं चुगलखोराचंच सोंग काढलं. सगळे पोट धरून हसले. मग हारुन हळूच म्हणाला, "इतकं हुबेहूब उगाच जमत नाही."

वली पुढेही प्रहसनं करत राहिला. लोक हसायला यायचे. जेवताना मात्र तो आला की बोलणं थांबायचं.