पाचवा पाय

धनजच्या तुळसाबाईच्या गाईला पाच पायांचा गोऱ्हा झाला, तेव्हा अख्खं गाव हळदीकुंकू घेऊन गोठ्यात लोटलं. पाय कसला, वशिंडापाशी लोंबणारा खुरासकट मांसाचा तुकडा! जनावरांचे डॉक्टर म्हणाले, "मावशी, आताच काढून टाकू. मोठा झाला की त्याला फार दुखेल."

तुळसाबाईनं कानांवर हात ठेवले. "महादेवानं देल्लं, अन् मी कापू?" नवरा जगदेव समजावून थकला. पण बाईनं एकदा नाही म्हटलं की ब्रह्मदेवाचंही चालत नसे.

गोऱ्हा दोन वर्षांचा झाला आणि भगव्या लुंगीतला एक महाराज दारात उभा राहिला. "माय, नंदीले गोठ्यात काहून कोंडलं? मी सेवा करतो त्याची. याच्या नाकात कधी वेसण पडणार नाही, माहा शब्द हाय." भोळी बाई! देवाचं देवाला म्हणून तिनं एक रुपयाही घेतला नाही. लेक सासरी निघाल्यागत रडत वेशीपर्यंत गेली.

परवा ती सून वैभवीसोबत कामरगावच्या बाजाराला गेली. बसस्टँडपाशी भोंगा वाजत होता, गर्दीत झूल घातलेला नंदी उभा होता. पाचवा पाय झुलीबाहेर काढून त्याला घुंगरू बांधलेले. पायाच्या मुळाशी जखम चिघळली होती, तिच्यावर गुलाल थापला होता. नाकात वेसण होती. मेल्यानं शब्द मोडला होता.

तुळसाबाई गर्दी सारत पुढं झाली. महाराजानं ओळख दाखवली नाही. "विचार माय, नंदी खरं सांगते."

"तुले दुखते काय रे, बाप्पा?"

महाराजानं झुलीआडची दोरी हळूच ओढली. नंदीनं नाही म्हणून मान हलवली. लोकांनी टाळ्या पिटल्या.

"दोरी ओढतं तू! सोड त्याले, माह्या गोठ्यातला हाय तो!" ती ओरडली. लोक तिच्यावरच उखडले. "ओ आजी, देवापुढं कायले भांडता?"

वैभवी शरमली. "आत्याबाई, पाया पडा अन् चला. लोक पाहून राह्यले."

तुळसाबाई त्याच्या पायांशी वाकली. नंदीनं मान खाली घातली आणि ओलं नाक तिच्या डोक्याला टेकवलं. ओळखलं, लेकरानं ओळखलं! तिला हुंदका फुटला. तिनं वर पाहिलं, तर महाराजाच्या मुठीत दोरी ताणलेली होती.

"आशीर्वाद भेटला, माय," म्हणत त्यानं ताट पुढं केलं. वैभवीनं घाईघाईनं दहाची नोट टाकली.