इंगळीचं पिल्लू

आमच्याकडे मोठ्या काळ्या विंचवाला इंगळी म्हणतात आणि तिचा सगळ्यांना धाक असतो. लहान तांबडा विंचू दिसला की 'इंगळीचं पिल्लू' म्हणून चपलेनं चिरडतात. बी.एस्सी.च्या प्रॅक्टिकलला दोन्हींच्या बरण्या शेजारीशेजारी पाहीपर्यंत मीही तेच मानत होते. तांबडा पिल्लू नव्हताच. ती जातच वेगळी; चिमटे बारीक, पण विष जबर. वहीत तो मी लाल पेन्सिलीनं काढला होता.

त्याच वर्षी, हळद वाळत घालायच्या दिवसांत, कळमनुरीजवळच्या आमच्या शेतात माझ्या वडिलांनी, आबांनी, दुपारी रिकामं पोतं उचललं आणि हात झटकला. खाली तांबडा विंचू होता.

"पिल्लू हाय," आबा म्हणाले. "पिल्लाला कितीक इख असतंय?"

शेजारच्या शेतातले काका पाणी घेऊन आले. थोड्या वेळानं ठणका कमी झाला, तसे काका हसले. "उतरला, भाऊ. तुमाला चावून त्योच पस्तावला असंल."

आबाही हसले. पण त्यांचा सदरा घामानं पाठीला चिकटला होता. मी हात धरला. एवढ्या उन्हात तो गार लागला.

"आबा, दवाखान्यात चला."

"दुखून राहिलं न्हाई, तर काहून जाऊ? हळद कोण बघंल?"

सरांनी शिकवलेलं मला आठवत होतं: दुखायचं थांबलं तरी घाम आणि गार हात दिसले तर थांबायचं नाही, याचं विष काळजाला त्रास देतं. ते मी आबांना सांगितलं. माय हळद पसरत होती. ती उठून आली.

"रोज तिला यष्टीत बसवून देत व्हता, ते कशाला?" ती आबांना म्हणाली. "उठा आता."

काकांनी मोटारसायकल काढली. आबांना मध्ये बसवून मी मागून धरलं. दवाखान्यात डॉक्टरांनी नाडी पाहिली, गोळी दिली आणि त्यांना ठेवून घेतलं. "वेळेत आणलं," एवढंच ते बोलले. दुसऱ्या दिवशी आबांचे हात पुन्हा नेहमीसारखे ऊबदार होते.

आता मी हिंगोलीत शिकवते. गावात कुणाला विंचू चावला तर लोक ठणका विचारत बसत नाहीत, आधी हात धरून पाहतात आणि गाडी काढतात. माझी ती वही आबांनी स्वतःजवळ ठेवली आहे. आल्यागेल्याला लाल पेन्सिलीचं चित्र दाखवून ते सांगतात, "ह्ये पिल्लू न्हाई बरं का. ह्यो बाप हाय."