नाव तेच, जहाज दुसरं

त्या प्रदर्शनाला आता दोन वर्षं होतील, आणि माझा राग जरासुद्धा उतरलेला नाही. शांत डोक्यानं लिहावं म्हणून मी वाट पाहिली. डोकं काही शांत होत नाही, तेव्हा तसंच लिहिते.

माझे बाबा नौदलात होते. अकोल्यासारख्या गावात, जिथे पाणी म्हणजे मोर्णा नदीतली जलपर्णी, तिथे हे सांगताना मला शाळेत फार ऐट वाटायची. आमच्या वस्तीतून रेल्वेत, पोस्टात, मिलमध्ये लागलेली माणसं होती. समुद्रावर गेलेले बाबा एकटेच. सुटीवर आले की संध्याकाळी ओट्यावर पाटी घेऊन बसायचे आणि मला जहाजं काढून दाखवायचे. नुसती काळी आकृती, सावलीसारखी. आत काही नाही.

"पाह्य, जहाज दुरून येते तवा आंधी काय दिसते?"

"पुढचं टोक," मी म्हणायची.

"नाई. आंधी मास्ट दिसते, वरची डोलकाठी. समुद्र गोल हाय ना. खालचं मागून वर येते. म्हणून वरून खाली पाहाचं. मास्ट किती, कुठं. मंग धुराडं. मंग दोघाइच्या मंधात जागा किती. तोफ मंग. आन् बाजूवरचा नंबर सगळ्यात शेवटी, कारण नंबर दिसेपर्यंत जहाज आपल्या डोक्यावर आलेलं असते."

चौथीत असताना मी आठ-दहा प्रकारच्या युद्धनौका सावलीवरून ओळखायची. मैत्रिणींना सांगायची, माझे बाबा सिग्नलवर आहेत, दुर्बिणीतून शत्रूचं जहाज ओळखतात. बाबांनी तसं कधी सांगितलं नव्हतं. मीच ठरवलं होतं.

बारावीनंतर एका सवलतीच्या अर्जासाठी त्यांचं सेवापुस्तक लागलं. ते निवृत्त होऊन घरी आले होते. पुस्तक उघडलं तर भरतीपासून निवृत्तीपर्यंत एकच काम लिहिलेलं होतं. सफाई. जहाजावरचे संडास, न्हाण्या, डेक. संध्याकाळी विचारलं, तर म्हणाले, "तू कधी विचारलं नाई." मग आकृत्या कुठून शिकलात, हेही विचारलं. सिग्नलवाल्यांच्या जागेवर झाडायला जायचे तेव्हा तिथे भिंतीवर तक्ते लावलेले असायचे. एका म्हाताऱ्या सिग्नलवाल्यानं पाहिलं, हा झाडू हातात घेऊन तक्त्यासमोर उभा राहतो. त्यानं आपलं पुस्तक वाचायला दिलं. पुढे पुढे तर लांबवर काही दिसलं की सिग्नलवाले गमतीनं बाबांना हाक मारायचे आणि पैज लावायचे. बाबा बहुधा बरोबर निघायचे. जहाजाच्या नोंदवहीत मात्र सिग्नलवाल्याचंच नाव लागायचं.

त्यानंतरही मी कॉलेजात कोणाला खरं सांगितलं नाही. हेही लिहायलाच हवं. माझा राग सगळाच दुसऱ्यांवरचा नाही.

मग अमरावतीचं निमंत्रण आलं. तिथल्या एका समितीनं डिसेंबरात नौदलावर प्रदर्शन भरवलं होतं आणि वऱ्हाडातल्या माजी सैनिकांचा सत्कार ठेवला होता. बाबांचं नाव कुठल्याशा यादीतून त्यांना मिळालं. बाबांनी चार दिवस आधी पांढरा शर्ट धोब्याकडे दिला. आम्ही सकाळच्या एसटीनं निघालो. मूर्तिजापूरला बस थांबली तरी ते चहाला उतरले नाहीत. शर्टावर डाग पडेल म्हणून.

सभागृहात शिरल्या शिरल्या समोरच छताला लागेल एवढा फलक होता. त्यावर बाबांच्या जहाजाचं नाव. ज्या जहाजावर त्यांनी नऊ वर्षं काढली, तेच. खाली त्याचा इतिहास, कधी सामील झालं, कुठे कुठे गेलं. बाबांनी मान वर करून फोटो पाहिला, आणि मी त्यांचा चेहरा पाहिला. ते वरून खाली नजर नेत होते. मास्ट, धुराडं, मधली जागा, तोफ.

"हे नोहे," ते हळूच म्हणाले.

आता मलाही दिसलं. बाबांचं जहाज वाफेवर चालणारं होतं. मधोमध एक जाडजूड धुराडं, पुढे दोन नळ्यांची तोफ, कठडे, दोर, सगळं उघड्यावर. फोटोतलं जहाज गुळगुळीत होतं, बाजू आत कललेल्या, मास्ट म्हणजे बंद मनोरा. नौदलात जुनं जहाज मोडीत निघालं की पुष्कळदा त्याचं नाव नव्या जहाजाला देतात. हे ते नवं होतं. इतिहास थोरल्याचा आणि फोटो धाकट्याचा.

समितीचे अध्यक्ष फलकाजवळच उभे होते. सफारी घातलेले, हातात फोन. बाबा त्यांच्यापाशी गेले आणि नमस्कार करून म्हणाले, "साहेब, ह्या फोटोतलं जहाज थे नोहे. नाव तेच हाय, पन हे नवं हाय."

"काका, नाव वाचा ना. स्पष्ट लिहिलंय."

"नाव दुसऱ्यांदा देतेत साहेब. जुन्या जहाजाचं धुराडं मंधात होतं. आन् नंबर पाहा. जुन्याचा येगळा होता."

अध्यक्षांनी नंबर पाहिला नाही. त्यांनी बाबांना पाहिलं. "तुम्ही काय होतात जहाजावर?"

बाबांना खोटं बोलता आलं असतं. नुसतं "नौसैनिक" म्हणता आलं असतं. ते म्हणाले, "सफाईले होतो."

अध्यक्षांच्या मागे उभे असलेले दोघे हसले. मोठ्यानं नाही. अध्यक्षांनी बाबांच्या खांद्यावर हात ठेवला आणि अगदी गोड आवाजात म्हणाले, "मग तुम्ही सारखे खालीच असणार ना काका. वरचं जहाज कसं दिसतं, ते तुम्हाला कुठून माहीत असणार? बसा, चहा घ्या."

मी म्हणाले, "ते नऊ वर्षं होते त्या जहाजावर. तुम्ही किती दिवस होता?"

"ताई, फलक छापून झालाय. पाहुणे वाटेत आहेत. उगाच वाद नको."

बाबांनी माझा दंड धरला आणि मला खुर्चीवर नेऊन बसवलं. त्यांच्या पकडीत जोर होता. मी बसले. आजही मला कळत नाही मी का बसले.

अर्ध्या तासानं प्रमुख पाहुणे आले. नौदलातून निवृत्त झालेले मोठे अधिकारी, पुण्याहून आलेले. दारातच त्यांनी फलकाकडे पाहिलं आणि म्हणाले, "अहो, हा फोटो चुकलाय. हे त्याच नावाचं नवं जहाज आहे."

बस. एवढंच वाक्य. बाबांनी म्हटलेलं, अगदी तेच. अध्यक्ष कपाळाला हात लावून म्हणाले, "वा साहेब, तुमची नजर म्हणजे नजर." दहा मिनिटांत शिडी आली, दोघं वर चढले आणि फलक खाली उतरला. मघाशी हसलेले तेच दोघे होते.

"कोणाच्या लक्षात कसं आलं नाही?" पाहुण्यांनी सहज विचारलं.

मी उभी राहिले. "लक्षात आलं होतं. माझ्या बाबांनी मघाशीच सांगितलं यांना. यांनी विचारलं तुम्ही काय होतात, आणि सफाईला होतो म्हटल्यावर चहा घ्यायला पाठवलं."

सभागृहात शंभरेक माणसं असतील. सगळ्यांच्या माना आमच्याकडे वळल्या. बाबा खुर्चीतून उठून ताठ उभे राहिले, हात शरीराला चिकटवून, अधिकाऱ्यांसमोर उभं राहायची त्यांना सवय असेल तसे. पाहुण्यांनी जवळ येऊन हात मिळवला, "शाब्बास" म्हणाले, आणि मंचाकडे गेले. कोणत्या वर्षी होतात, कोणाच्या हाताखाली होतात, काही नाही. भाषणात त्यांनी पाऊण तास जुन्या जहाजांबद्दल सांगितलं. समोर तिसऱ्या रांगेत त्याच जहाजावर राबलेला माणूस बसला होता. त्याच्याकडे एकदाही पाहिलं नाही. सत्काराच्या वेळी निवेदकानं आधीच्या सगळ्यांच्या नावासोबत त्यांचं पद सांगितलं होतं. बाबांचं सांगितलं नाही.

परतीच्या बसमध्ये शाल मांडीवर घेऊन बाबा खुशीत होते.

"फलक उतरला ना. झालं मंग."

"झालं काय? तुमचं कोणं आयकलं तिथं?"

"म्या सांगतलं. आयकनं त्याइचं काम होतं."

"तुमाले राग कसा येत नाई?"

ते खिडकीबाहेर पाहत राहिले. कापूस वेचून झालेली शेतं मागे जात होती. बाहेर पाहतच म्हणाले, "येत होता. लय येत होता. पन राग घेऊन डेक धुता येत नाई."

मी त्या समितीला पत्र लिहिलं. दोन पानी. उत्तर आलं नाही. पुढच्या डिसेंबरात मात्र समितीचा पुन्हा निमंत्रणाचा फोन आला. मी सांगितलं, येतील, पण पत्रिकेवर त्यांचं काम जसं होतं तसं छापा. पत्रिका आली, "माजी नौसैनिक, अकोला" अशी. मी ती त्याच पाकिटातून परत पाठवली. बाबांना हे कळलं तेव्हा ते दोन दिवस माझ्याशी बोलले नाहीत. तिसऱ्या दिवशी जेवताना ताटावरून मान वर न करता म्हणाले, "तू माह्यासाठी भांडून राहिली का तुह्यासाठी? सिग्नलवाला बाप तुले पाह्यजे होता. मले नाई."

माझ्या हातातली पोळी तशीच राहिली.

त्या वर्षी ते एकटे गेले. मी त्यांना बसस्टँडवर सोडलं आणि घरी येऊन सगळी भांडी आपटत घासली. संध्याकाळी परतले तेव्हा दमले होते, पण बोलत होते. मंचावर बसले नाहीत म्हणे. फोटोंपाशी उभे राहून येणाऱ्या लोकांना जहाजं कशी ओळखायची ते सांगत होते. कोणी विचारलं तर आधीच सांगायचे, सफाईले होतो.

"मंग? थांबले का लोकं?"

"जास्त नाई. एक मास्तरीन थांबली. परतवाड्याची. तिनं वहीत काढून घेतलं सगळं."

एक बाई थांबली, यावर ते समाधानी होते. मी नव्हते. आजही नाही.