मेलेल्यांच्या यादीतली तेक्ला

अपोलोनिया व्हेंझिक या बाईबद्दल मी एकदा खोटं छापलं आहे. आमच्या गाव-इतिहास समितीचं चार पानी पत्रक निघायचं. लिहिणारा मीच, छापणारा मीच, आणि कोणी चूक काढली की त्याच्याशी भांडणाराही मीच. त्यात मी तिला ‘स्मेरेच्ना गावाची सद्सद्विवेकबुद्धी’ म्हटलं होतं. सातवी शिकलेल्या माणसानं एवढा जड शब्द कुठून उचलला, देव जाणे. आता बाई गेली. निदान आता तरी खरं लिहितो.

एकोणपन्नास साली ती लग्न होऊन गावात आली. एकवीस वर्षांची, एक गाय आणि एक शिवणयंत्र घेऊन. नवऱ्याला, वालेंतीला, सरकारनं घर दिलं होतं. दिलं होतं म्हणजे होयसाक कुटुंबाचं काढून दिलं होतं. होयसाक लेमको, म्हणजे या डोंगरांतले मूळचे लोक. त्यांची बोली वेगळी, नाताळ तेरा दिवस उशिरा, पण डोंगर हेच आणि चर्चही हेच. ते बांधलंच त्यांनी. सत्तेचाळीसच्या जूनमध्ये सैन्य आलं, आवरायला दोन तास दिले आणि अख्ख्या गावाला मालगाडीत कोंबून पश्चिमेकडे, जर्मनांनी सोडलेल्या मुलखात नेऊन टाकलं. मग रिकाम्या घरांत आम्ही आलो. माझे आईबाप, व्हेंझिक, सगळेच. आमच्या गावात ‘आमचं घर’ हा शब्द जरा जोरातच उच्चारतात.

माळ्यावर होयसाकांचा पाळणा राहिला होता. अपोलोनियानं त्रेपन्न साली आपलं पहिलं मूल त्यातच निजवलं. पोर तापानं फणफणलं. सासू म्हणाली, "घर रडतंय गं. ज्यांचं आहे त्यांच्या नावानं प्रार्थना घाल."

आमच्याकडे नोव्हेंबरात प्रत्येक घर आपापल्या मेलेल्यांची नावं कागदावर लिहून फादरकडे देतं. फादर ती एक नोव्हेंबरला आणि मग त्या महिन्याच्या दर रविवारी मोठ्यानं वाचतात आणि सगळं गाव त्यांच्यासाठी प्रार्थना करतं. होयसाकांचं एक प्रार्थनेचं पुस्तक मागे राहिलं होतं, त्याच्या पहिल्या पानावर घरच्यांची नावं होती. लिपी वेगळी, म्हणून अपोलोनियानं ती शिक्षकाकडून वाचून घेतली आणि व्हेंझिकांच्या नावांखाली लिहिली : वासिल, पाराझा, सेमान, इव्हान, तेक्ला.

"मेली का गं ती सगळी?" सासूनं विचारलं.

"मेलीच असतील," ही म्हणाली.

पोर बरं झालं. त्यानंतर एकही नोव्हेंबर तिनं चुकवला नाही. बाकी बाई साधीच. गावातल्या अर्ध्या मुलींचे लग्नाचे झगे तिनं शिवले, आलुबुखाराचा मुरंबा घोटताना ती कोणाला जवळ येऊ द्यायची नाही, आणि सरकारी अधिकारी दारात आला की तोंडात टाचण्या धरून बसायची, म्हणजे बोलावं लागू नये. अडतीस वर्षं ती परक्यांची नावं वाचायला देत राहिली. मला ते भारी वाटलं. मी ते छापलं. जिल्ह्याच्या वर्तमानपत्रानं माझ्या पत्रकातून उचललं, आणि ते वर्तमानपत्र पश्चिमेला कोणाच्या तरी हाती पडलं.

एक्याण्णवचा एक नोव्हेंबर. सगळं गाव कबरस्तानात, प्रत्येक कबरीवर शेवंती आणि काचेतले दिवे. फादर रोमुआल्द ध्वनिक्षेपकावरून नावं वाचत होते. "...इव्हान होयसाक. तेक्ला होयसाक."

कुंपणाजवळून आवाज आला, "मी इथं आहे."

पन्नाशीची बाई. शहरी कोट, हातात प्रवासी पिशवी. सगळ्यांच्या माना तिकडे वळल्या. मग मागून आमचा सुतार म्हणाला, "फादर, हळू वाचा, मेलेल्या हजेरी द्यायला लागल्या!" लोक हसले. मीही हसलो. अपोलोनिया हसली नाही. ती हातातल्या दिव्याकडे बघत राहिली.

तासाभरानं आम्ही तिघं तिच्या स्वयंपाकघरात होतो. मी आपला आगाऊ, बोलावल्याशिवाय गेलो. पुढच्या अंकाला मजकूर हवा होता. अपोलोनियानं चहा ठेवला, केक कापला. तेक्लानं केकला हात लावला नाही.

"बाई, मी मेले असं तुम्हाला सांगितलं कोणी?"

"कोणी नाही."

"मग?"

"वाटलं. काळच तसा होता."

"अठ्ठावन्न साली मी पत्र लिहिलं होतं तुम्हाला. वीस वर्षांची होते. बापाला एकदा घर बघायचं होतं. परत घ्यायचं नव्हतं हो, नुसतं बघायचं होतं. तो साठ साली गेला. आणि तुम्ही त्याच्या आत्म्याला शांती कधीपासून मागताय? वर्तमानपत्रात त्रेपन्न लिहिलंय. सात वर्षं जिवंत माणूस पुरत होतात की!"

अपोलोनियानं माझ्याकडे बघितलं. ती का बघते आहे ते मला कळलं. माझा बाप पोस्टमन होता. ते पत्र त्यानंच दिलं होतं, आणि त्या दिवशी जेवताना आईला म्हणाला होता, "व्हेंझिककडे होयसाकांचं पत्र आलं. बाईनं पाठवणाऱ्याचं नाव वाचलं आणि पांढरीफटक पडली." मी अकरा वर्षांचा होतो. मला ते सगळं आठवत होतं. पत्रक लिहिताना आठवलं नव्हतं असं म्हणायची सोय नाही. आठवलं होतं, मी ते बाजूला सारलं होतं. तेवढ्यानं लेख बिघडला असता.

आणि मी, मोर्च्यात पोलिसांच्या तोंडावर खरं बोलल्याची फुशारकी मारणारा मी, म्हणालो, "त्या काळी टपाल फार गहाळ व्हायचं, बाई."

"हो का?" तेक्ला म्हणाली.

"गप रे लुद्विक," अपोलोनिया म्हणाली. मग तेक्लाकडे वळून, "आलं होतं. मीच वाचलं. चुलीतही मीच घातलं. वालेंतीला कळूसुद्धा दिलं नाही. चांगलं पत्र होतं, अक्षर सुंदर होतं. पण उत्तर दिलं असतं तर तुम्ही आला असता. मेलेली माणसं घर मागायला येत नाहीत."

"आणि तरी नाव देत राहिलात?"

"बंद केलं असतं तर लोकांनी विचारलं असतं, का."

तेक्लानं केकची बशी बाजूला सारली. मग म्हणाली, "मला घर नको. मला तिकडे तीन खोल्या आहेत, नळाला गरम पाणी आहे. त्या चर्चमध्ये माझा बाप्तिस्मा झालाय. येत्या रविवारी तिथंच उभं राहून सांगा, की मी जिवंत आहे आणि तुम्हाला ते ठाऊक होतं. दुसरं काही नको." आणि पाचच्या गाडीनं निघून गेली.

मी अपोलोनियाला दोन दिवस समजावत होतो. आज लाज वाटते ती या दोन दिवसांची.

"काकू, वेड लागलंय का? फादर गुपचूप नाव खोडतील. संपलं!"

"तिनं खोडायला नाही सांगितलं."

"लोक काय म्हणतील? उद्या प्रत्येक दारात एकेक तेक्ला उभी राहील. आपण काय करायचं मग?"

"तू मला वाचवतोयस की तुझं पत्रक?"

"दोघांना."

"मग तू पत्रकच वाचव," ती म्हणाली आणि शिवणयंत्राकडे वळली.

रविवारी मिस्सेच्या उपासनेआधी फादरांनी नावं वाचायला घेतली. व्हेंझिकांचा कागद आला तशी ती उठली. त्रेसष्ट वर्षांची, पुढच्या बाकाला धरून.

"फादर, थांबा. तेक्ला होयसाक जिवंत आहे. तेहेतीस वर्षांपूर्वी तिचं पत्र आलं होतं, ते मी जाळलं. मला माहीत होतं. माहीत असून मी तुम्हा सगळ्यांना एका जिवंत बाईसाठी गुडघे टेकायला लावलं."

पत्र कोणी आणून दिलं, कोणाच्या घरात त्याची चर्चा झाली, यातलं तिनं काही सांगितलं नाही. माझ्याकडे पाहिलंही नाही. ते सांगायची जागा तिनं माझ्यासाठी मोकळी सोडली होती.

"बस खाली, म्हातारे!" मागून कोणीतरी बोललं. "आम्हा सगळ्यांना बेघर करायचंय का?" सुताराची बायको पोरांना घेऊन तिच्या बाकावरून उठली आणि पलीकडे जाऊन बसली. त्या लांबलचक बाकावर अपोलोनिया एकटी उरली.

फादर रोमुआल्द भले माणूस. त्यांनी पेन काढून कागदावर रेघ मारली, चष्मा पुसला आणि विचारलं, "आणखी कोणाला काही सांगायचंय?"

चर्चमध्ये चाळीस घरं बसली होती. मी तिसऱ्या रांगेत होतो, उठायला जागा भरपूर होती. मी माझ्या बुटांकडे बघत राहिलो. फादर थोडा वेळ थांबले, मग त्यांनी पुढचा कागद उचलला आणि पुढच्या घराची नावं वाचायला सुरुवात केली.