भार्गवीच्या मांडीवरचं हेल्मेट

७ ऑगस्ट २०२१ रोजी हेरन्स संघाच्या खात्यात ४१२ युरो ६५ सेंट शिल्लक होते. हेरन्स म्हणजे आयर्लंडमधल्या वॉटरफोर्डच्या आमच्या कॉलेजचा अमेरिकन फुटबॉलचा संघ. मी कॉलेजच्या हिशेब विभागात आहे आणि विद्यार्थ्यांच्या क्लबांचे पैसे माझ्या हातून जातात, म्हणून आकडा मला ठाऊक. प्रशिक्षित वैद्यकीय माणूस मैदानावर हजर नसेल तर पंच या खेळाचा सामना सुरूच करत नाहीत. खाजगी सेवा एका सामन्याचे सहाशे युरो मागत होती, आणि सामने चार होते.

माझी पत्नी प्रभा म्हणाली, भार्गवीला विचारा.

भार्गवी देवस्थळी मूळची नाशिकची. इथल्या मोठ्या रुग्णालयात फिजिओथेरपिस्ट, वय अडतीस, एकटीच राहते. २०२० सालात ती अतिदक्षता विभागात होती. व्हेंटिलेटरवरच्या रुग्णांना चौघाचौघांनी मिळून पालथं करायचं, छातीतला कफ मोकळा करायचा, पुन्हा उताणं करायचं, हे तिचं वर्षभराचं काम. कुणी विचारलं तर पाठ धरली आहे, एवढंच सांगायची.

तिने विचार करायला दोन दिवस मागून घेतले. त्या दोन दिवसांत डोक्याच्या दुखापतीवरचा एक ऑनलाइन अभ्यासक्रम पूर्ण केला आणि मगच हो म्हणाली. मानधन नको, पार्किंगचे तेवढे द्या. वर्षभर निपचित माणसं पाहिल्यावर शनिवारी धावणारी माणसं बघायला मिळतील, तेवढं पुरे, असं ती प्रभाला म्हणाली.

खेळातलं तिला काही कळत नव्हतं. नारिंगी घडीचं स्टूल मैदानाच्या कडेला मांडून बसायची आणि चेंडूकडे न बघता मुलांच्या माना बघायची. सामन्याआधी प्रत्येकाचा ताप बघायची, दातांचं रबरी संरक्षक कवच तोंडात आहे का तपासायची. ओशीन नावाचा एक धिप्पाड मुलगा तिला ‘कस्टम्सवाली’ म्हणायचा आणि तिच्यासमोर खिसे उलटे करून उभा राहायचा. तिसऱ्या सामन्यापर्यंत तिच्या डब्यातला चिवडा संपवण्याचं कामही त्याच्याकडेच आलं होतं.

पण त्या मोसमावर एक टांगती तलवार होती. २०२० चे सामने रद्द झाले, जुनी मुलं पास होऊन गेली, नवी फारशी आली नाहीत. चारही सामने पूर्ण करा, नाहीतर पुढच्या वर्षापासून हा खेळ बंद, असं कॉलेजने कळवलं होतं. आणि स्पर्धेचा नियम असा की खेळण्याजोगे वीस जण पोशाखात नसतील तर सामना तिथेच थांबतो. एकावेळी मैदानात अकराच असतात, पण वीस हवेतच.

पहिले तीन सामने पार पडले. ९ ऑक्टोबरला चौथा, घरच्या मैदानावर; मीही बघायला कडेला उभा होतो. आदल्या आठवड्यात दोघे कोरोनाने विलगीकरणात गेले, एकाचा घोटा मुरगळला. प्रशिक्षक फिंटनने सकाळी माणसं मोजली, पुन्हा मोजली. बरोबर वीस.

शेवटच्या सत्राला हेरन्स एका गुणाने पुढे होते. गंधार हा हेरन्सचा चेंडूफेक्या, सगळा डाव त्याच्या हातून सुरू होतो. त्याची आई रेवती भार्गवीची मैत्रीण. वयाच्या तिसऱ्या वर्षी वॉटरफोर्डला आलेला हा मुलगा सगळं मराठी समजतो, पण आठव्या वर्षापासून उत्तर इंग्रजीतच देतो, तेही इथल्या हेलात. चार मिनिटं उरली असताना समोरच्या संघातल्या दोघांनी त्याला एकदम पाडलं. तो लगेच उठला आणि चालत कडेला आला.

डोक्याला लागल्यावर विचारायचे नेहमीचे प्रश्न फिंटनने विचारले. कुठलं मैदान, कितवं सत्र, शेवटचे गुण कुणी केले, मागचा सामना कुणाशी. गंधारने सगळी उत्तरं बरोबर दिली. आय अ‍ॅम ग्रँड, म्हणजे मी मजेत आहे, असं इथल्या पद्धतीने म्हणाला.

भार्गवीने त्याच्यासमोर उकिडवं बसून मराठीत विचारलं, “गंधार, कसं वाटतंय?”

“बरंय ग मावशी,” तो म्हणाला. “आई आली का मला न्यायला?”

तिने त्याच्या हनुवटीखालचा पट्टा सोडला, हेल्मेट काढून घेतलं आणि स्टुलावर जाऊन बसली. हेल्मेट मांडीवर, त्यावर रेनकोट. या खेळात तशीच पद्धत आहे. डोक्याला लागलेल्याचं हेल्मेट काढून घेतात, म्हणजे तो नजर चुकवून परत आत जात नाही.

फिंटन तिच्यापाशी आला. तो वाईट माणूस नव्हे. गुडघ्यावर बसून हळू आवाजात बोलत होता. मुलाने एकही उत्तर चुकवलेलं नाही. त्याला आत पाठवत नाही, नुसतं हेल्मेट घालून बाकावर बसू दे, म्हणजे वीस भरतील. चारच मिनिटं. पंच घड्याळाकडे बघत उभे होते. गंधार तिच्या मांडीवरच्या हेल्मेटकडे हात पुढे करत होता आणि ती तो हात दर वेळी बाजूला करत होती.

“आणि अजून एक पडला तर?” तिने विचारलं. “तेव्हा हा बाकावर बसून राहील?”

फिंटन माझ्याकडे वळला आणि म्हणाला, तुमच्या भाषेत तुम्ही तरी सांगा हिला. मागे मुलं रांगेत उभी होती. ओशीन म्हणाला, कस्टम्सवाली आज सगळा मालच जप्त करणार. कुणी हसलं नाही.

मी तिला खात्री आहे का, एवढंच विचारलं.

“काका, हा माझ्याशी मराठीत बोलला.”

हे इंग्रजीत फिंटनला कसं समजावायचं ते मला सुचलं नाही. घरची भाषा बोलला, त्यात काय, असंच तो म्हणाला असता. भार्गवी उठली, हेल्मेट काखेत धरून पंचांकडे गेली आणि हा मुलगा खेळण्याजोगा नाही, असं तिने स्वच्छ सांगितलं. पंचांनी उरलेले मोजले. एकोणीस. त्यांनी शिट्टी वाजवली आणि सामना पाहुण्या संघाला दिला.

रुग्णालयात काढलेल्या स्कॅनमध्ये काही निघालं नाही. ही बातमी मुलांना त्याच संध्याकाळी कळली, आणि स्कॅनमध्ये काही नसतानाही मेंदूला हादरा बसलेला असू शकतो, हे ऐकायला कुणी थांबलं नाही. गंधारला त्या दिवशीची सकाळ आठवत नव्हती. पाच-सहा आठवडे त्याला पडद्याकडे बघवत नव्हतं, एक परीक्षा पुढे ढकलावी लागली. रेवती रोज संध्याकाळी भार्गवीला फोन करायची. ओशीन मात्र सुपरमार्केटात समोरून आला तर दुसऱ्या गल्लीत वळायचा.

कॉलेजने शब्द पाळला. नोव्हेंबरात हेरन्सची नोंदणी रद्द झाली. खांद्यांची पॅड्स आणि हेल्मेट्स कॉर्कच्या एका संघाने नेली.

डिसेंबरात गंधार आईबरोबर भार्गवीकडे जेवायला गेला. मला त्यातलं काहीच आठवत नाही मावशी, सॉरी, असं तो इंग्रजीत म्हणाला, नेहमीच्या हेलात. ते इंग्रजी ऐकून जिवात जीव आला, असं भार्गवीने नंतर प्रभाला सांगितलं. शनिवारी आता काय करतेस, असं प्रभाने विचारलं. जादा पाळी घेते, ती म्हणाली. स्टूल गाडीतच आहे.

३१ डिसेंबरला संघाचं खातं बंद झालं. शिल्लक कॉलेजच्या सर्वसाधारण निधीत गेली. चौथ्या सामन्याच्या पार्किंगचे तीन युरो साठ सेंट भार्गवीला द्यायचे राहिले आहेत.