इल्वाच्या उशीवरची राळ

इल्वाचा नवरा बरोक मला कधीच आवडला नाही. गेलेल्या माणसाबद्दल वाईट बोलू नये म्हणतात, पण तो होताच तसा. पहाटे पहाटे बेसूर गायचा, तेही आमच्या भिंतीला पाठ लावून. जेवायला बसला की घास तोंडात जायच्या आधीच, कालवण अळणी आहे, हे ठरलेलं. इल्वा मात्र त्याच्यावर जीव टाकायची. मागच्या पानगळीत त्याची नाव तेवढी वाहत काठाला आली, तो आला नाही.

तेव्हापासून इल्वानं उशीवरची निजराळ खरवडणं सोडलं. आमच्या सेरुण गावात बाई उठली की आधी शिंपला हातात घेते आणि घरातल्या सगळ्या उशांवरची राळ खरवडून डब्यात भरते, चूल नंतर. रात्रीच्या स्वप्नाचीच ती राळ. तिला ऊन लागलं तर ती विरून जाते आणि स्वप्न ज्याचं त्याच्यापाशी राहतं. खरवडली तर स्वप्न जातं, आणि त्यात जे दिसलं होतं तेही आठवणीतून थोडं पुसलं जातं. आम्हाला त्याचं काही वाटत नाही. कोणाला स्वप्नात हरवलेला कंगवा दिसतो, कोणाला शेजारणीची शेळी. काठावरच जाळी विणणारे आमचे हे आपल्या धाकट्या आत्याला विसरलेत, तेवढीच घरातली कटकट कमी झाली. पाण्यावर जाणाऱ्या नावांच्या फटी तर याच राळेनं बुजवायला हव्यात. ऊरमा सरोवराच्या कडू पाण्यात झाडाची राळ टिकत नाही.

इल्वाच्या स्वप्नात रोज बरोकच यायचा. ती सकाळी खिडकी उघडून उशी मांडीवर घेऊन उन्हात बसायची, आणि राळ विरली की मला सांगायला यायची. आज त्यानं निळा सदरा घातला होता, आज त्याचा गुडघा दुखत होता. ऐकून माझं डोकं उठायचं. पण तिचा चेहरा बघून मी ऐकून घ्यायची.

बर्फ वितळलं आणि पंचाईत झाली. मुलगा तेनी बापाची नाव काढायला निघाला. ज्या घरची नाव, त्याच घरची राळ. दुसऱ्या घरची राळ लावली तर नाव परतीची वाट विसरते, असं म्हातारे सांगतात, आणि ते खोटं पाडायला आजवर कोणी गेलेलं नाही. घरात माणसं दोनच. पाण्यावर राबणाऱ्याला स्वप्न पडत नाही, म्हणून तेनीची उशी कायम कोरडी. उरली इल्वा.

खारा मासा पोटभर खाऊन झोप, असं मी तिला सांगितलं. त्यानं भलतंसलतं दिसतं, बरोक सोडून दुसरं काहीतरी दिसेल. तिनं खाल्ला. सकाळी म्हणाली, तो येऊन दोनदा मागून खारा मासा खाऊन गेला. आम्ही दोघी हसलो, आणि हसता हसता तिला रडू फुटलं.

तेनी देवदाराची राळ लावून निघाला आणि परतला तो कमरेपर्यंत भिजून, ओठ निळे पडलेले. जाळं टाकलंच नव्हतं. सगळा वेळ पाणी उपसण्यात गेला होता. इल्वा त्याचे पाय शेकत बसली.

"दुसऱ्या कोणाच्या नावेवर जाईन मी," तो म्हणाला. "तू जिवाला लावून घेऊ नकोस, आई."

"तुला कोण घेतंय नावेवर? तुझा बाप बुडालाय."

खरंच होतं ते. अशा पोराला आमच्यात वर्ष भरेपर्यंत कोणी नावेत पाय ठेवू देत नाही. इल्वा बराच वेळ त्याचे तळवे चोळत राहिली.

"तुला आठवतो ना रे तो?"

"आठवतो."

"मग झालं. घरात एकाला आठवला तरी पुरे."

दुसऱ्या दिवशी तिनं शिंपला हातात घेतला.

पहिल्यांदा त्याचं गाणं गेलं. त्यावरून मी काहीतरी टोमणा मारला, तर ती विचारते, कोण गायचं? मग सांगायला येणंच थांबलं. तिला झोप लागायला लागली, अंगावर मांस चढलं. इल्वा सावरली हो, असं बायका म्हणायच्या, तेव्हा एकेकीच्या तोंडावर पाणी मारावंसं वाटायचं मला. एकदा तीच म्हणाली, "वहिनी, रोज एक माणूस येतो स्वप्नात. भला दिसतो. काही बोलत नाही, नुसता बसून असतो." तोही तिनं खरवडला. तेनीच्या नावेत थेंब शिरत नव्हता.

वर्ष भरलं. बुडालेल्याचं कलेवर हाती लागत नाही, म्हणून त्याच्या बायकोनं काठावर उभं राहायचं आणि तो कसा होता ते गावाला सांगायचं; मग सरोवर त्याला सोडतं. इल्वाला तेनीनं, काठावर जेवण आहे, एवढंच सांगून आणलं होतं. बोलायला तो उभा राहिला, आणि आईकडे बघून पुन्हा खाली बसला. मग मी उठले. बरोक सोंगट्यांत लबाडी करायचा, हे सांगितलं. वादळात न बोलावता येऊन आमचं छप्पर बांधून दिलं आणि मग ते महिनाभर गावाला ऐकवत फिरला, तेही सांगितलं. लोक हसले. इल्वाही हसली. बायकोच्या तोंडून न निघालेलं सरोवराला चालतं की नाही, मला ठाऊक नाही.

मी खाली बसले तशी ती माझ्याकडे झुकली.

"गमतीचा होता हो माणूस. मागे कोण आहे त्याच्या?"

पलीकडून तेनीच म्हणाला, "बायको आहे. एक मुलगा आहे."

इल्वानं जमलेल्या बायकांवरून नजर फिरवली.

"मग तिला कोणी आणलं नाही का? एकटीच बसली असेल बिचारी घरी. तेनी, ऊठ. तिच्यापुरतं जेवण बांधून घे आणि नेऊन दे."

तेनी उठला आणि जेवण बांधायला लागला.